फायलींची उगवणक्षमता

आमच्या संशोधन केंद्रावर चहा चार वाजता येतो आणि सरकारी कारभाराची थट्टा सव्वाचारला सुरू होते. केंद्र लातूरहून मुरुडकडे जाणाऱ्या रस्त्याच्या कडेला आहे. पुढं शेतं, मागं शेतं, आणि मधल्या बसक्या इमारतीत आम्ही मोजकी माणसं, बियाणं, किडी, माती असल्या गोष्टींत आयुष्य घालवणारी. मी बियाण्यातला. माणूस वाईट नाही, पण डोकं तापट. 'त्रुटीपूर्ततेसाठी परत' असा शेरा घेऊन एखादा कागद आला की माझ्या कानाच्या पाळ्या गरम होतात. लहानपणी उमरीला शाळेत होतो तेव्हा अशा वेळी दगड भिरकावायचो, आता विनोद करतो. बायको म्हणते, तुमचा राग ऐकायला छान वाटतो, म्हणून तर तो कुणी मनावर घेत नाही.

आमच्या विनोदांची एक नोंदवही आहे. ती कळायला बियाण्याची चाचणी कळली पाहिजे, आणि ती अगदी सोपी असते. शंभर दाणे मोजून ओल्या कागदात गुंडाळायचे, ठरावीक तापमानाच्या कपाटात ठेवायचे आणि आठव्या दिवशी गुंडाळी उलगडून पाहायची. धड मूळ, धड पान असलेलं रोप ते सामान्य. वाकडंतिकडं, खुंटलेलं ते विकृत. कुजलेला दाणा तो मृत. चौथा प्रकार असतो आठ दिवस ओलीत राहूनही ज्याला पाणी लागत नाही, जो फुगतसुद्धा नाही, अशा दाण्याचा. त्याला आम्ही कठीण बी म्हणतो. घरी उसळ खाताना दाताखाली कडकन वाजतो आणि ज्याच्यामुळे सासूबाई सुनेकडे बघतात, तो गणंग म्हणजे हाच.

एकदा आम्ही प्रयोगशाळेसाठी ट्यूबलाइट मागितली होती. सात महिन्यांनी काचेची दारं असलेला एक सूचनाफलक आला. माझे एक कीटकशास्त्रज्ञ मित्र आहेत, माझ्याच वयाचे, पोट सुटलेले, जगातली कुठलीही गोष्ट अळीच्या नजरेनं बघणारे. त्यांनी त्या फलकाभोवती एक प्रदक्षिणा घातली आणि म्हणाले, "हे विकृत रोप हाय." आम्ही पोट धरून हसलो. आमच्या प्रयोगशाळा सहायक बाई मात्र हसल्या नाहीत. त्या हसत नाहीतच. त्यांनी कपाटातून एक कोरी नोंदवही काढली, तिच्यावर 'उगवण नोंदवही, भाग दोन' असं सुवाच्य अक्षरात लिहिलं (भाग एक म्हणजे बियाण्याची खरी नोंदवही), पेरणीची तारीख, पहिली मोजणी, शेवटची मोजणी आणि शेरा असे रकाने आखले आणि पहिल्या ओळीत ट्यूबलाइट टाकली.

तेव्हापासून केंद्रातून बाहेर पडणारा प्रत्येक अर्ज म्हणजे पेरलेला दाणा झाला. नळाच्या वॉशरची मागणी सामान्य ठरली, कारण वॉशर आला. फक्त तोवर नळच गळून पडला होता. दोन भिंगांची मागणी मृत, कारण मागणारे निवृत्त झाले. कुंपणाच्या तारेची मागणी कठीण. मित्रांनी पुरवणी म्हणून फाइलचं जीवनचक्र रंगीत पेन्सिलींनी काढलं होतं. टेबलावर अंडी घातली जातात, टाचण्या खाऊन अळी जाड होते, लाल फीत गुंडाळून कोषात जाते. पतंग बाहेर पडताना अजून कुणी पाहिलेला नाही.

बाईंची एकच अट होती. तारखा आवक-जावकच्या खऱ्या नोंदवहीतूनच घ्यायच्या, अंदाजपंचे काही लिहायचं नाही. विनोद असला म्हणून आकडा खोटा चालणार नाही, असं त्यांचं म्हणणं. आम्हाला ते इतकं पटलेलं, की कुंपणाची तार कठीण की मृत यावर आम्ही तिघं एकदा पाऊण तास भांडलो होतो. बाहेरच्या माणसाला हे वेडेपण वाटेल. मला ती दोन माणसं आणि तो चहा फार आवडतो, हे इथंच सांगून टाकतो.

आता मुगाकडे येतो.

केंद्राच्या मागच्या बाजूला बियाण्याची थंड खोली आहे. जुन्या गावठी वाणांचं बी तिथं डब्यांतून, पाकिटांतून ठेवलेलं असतं. लोक आता सोयाबीन पेरतात, त्यांना दोष नाही; पण त्यांचे आजे-पणजे जे पेरत होते ते कुठंतरी जिवंत असावं म्हणून मी हिमायतनगरपासून निलंग्यापर्यंत हिंडून ते गोळा केलं. त्यातलं एक पाकीट बारक्या, मातकट रंगाच्या मुगाचं आहे. ते हिमायतनगरजवळच्या एका गावातल्या मावशींनी दिलं. आपली जमीन आपणच कसणाऱ्या, पन्नाशी ओलांडलेल्या, आवाज असा खणखणीत की दोन बांध पलीकडचा गडी ओ देईल. मी ओट्यावर बसून प्रपत्र भरत होतो, त्या सुपात मूग पाखडत एकामागून एक काहीबाही सांगत होत्या. शेवटी त्यांनी सूप माझ्या पिशवीत रिकामं केलं आणि म्हणाल्या, "हे ठेवायला देते, पेरायला मागीन. इसरू नका."

दोन वर्षांनी, फेब्रुवारीत, त्यांचा फोन आला.

"साहेब, घरच्या बियाला भुंगा लागला. समदं पीठ झालं बगा. आता तुमच्यापाशी हाय तेवढंच. ह्या मिरगाला पेरायचंय. बी जित्तं हाय न्हवं?"

"आहे मावशी."

"बगून सांगून राहिले का असंच?"

मी असंच सांगत होतो. थंड खोलीचं यंत्र तेव्हा दम टाकायला लागलं होतं. मी दिवसातून दोनदा दाराशी जाऊन त्याची घरघर ऐकायचो आणि परत यायचो. नव्या यंत्राचा प्रस्ताव आमच्या नांदेडच्या वरिष्ठ कार्यालयाकडे जाऊन वर्ष उलटून गेलं होतं. भाग दोनमध्ये त्याच्यासमोर बाईंच्या अक्षरात 'कठीण' असा शेरा होता, आणि त्याखाली माझ्या अक्षरात 'अत्यंत'.

मार्च संपता संपता यंत्र बंद पडलं. लातूरहून मेकॅनिक आला, त्यानं ते उघडलं, आत बघितलं, लावलं आणि म्हणाला, "साहेब, ह्याला आता काढूनच टाका." पुढं एप्रिल आणि मे होते, आणि आमच्याकडचा एप्रिल-मे म्हणजे काय ते मराठवाड्याच्या माणसाला सांगायला नको. केंद्रातल्या छोट्या फ्रिजमध्ये बाईंनी मावतील तेवढी पाकिटं कोंबली, ज्यांचे मोजून पन्नास-शंभर दाणे उरले होते ती आधी. मावशींचं पाकीट मोठं होतं. त्याच्या जागेत दहा वाण मावत होते. त्यामुळे ते बाहेर राहिलं. निर्णय माझाच होता, बरोबरही होता, आणि तो घेताना मला चोरासारखं वाटलं.

मावशींचे फोन दर पंधरवड्याला येत राहिले. दर वेळी तोच प्रश्न आणि दर वेळी माझं तेच उत्तर.

माझा सगळा राग मग नांदेडच्या त्या न पाहिलेल्या टेबलावर निघाला. एका दुपारी मी बसलो आणि भाग दोनचा वार्षिक अहवाल लिहून काढला. आता, मी शास्त्रज्ञ आहे. मला साधी चेष्टा करायची झाली तरी विषय, संदर्भ, साहित्य व पद्धती आणि निष्कर्ष लागतात. संगणकात पत्राचा जो ठरलेला नमुना असतो तोच मी उघडला. विषय: टेबलांवरील फायलींची उगवणक्षमता तपासणेबाबत. संदर्भ: आमचा यंत्राचा प्रस्ताव, खऱ्या क्रमांकासह, कारण बाईंची अट. निष्कर्षात लिहिलं: 'सदर बी कठीण असून त्यास पाणी, चहा अथवा विनंती यांपैकी काहीही लागत नसल्याचे दिसून येते. माहितीसाठी सविनय सादर.' छापून काढलं, वाचलं, स्वतःवरच खूश झालो, सवयीनं खाली सही ठोकली आणि कागद डाव्या हाताच्या ट्रेमध्ये टाकला.

डाव्या हाताचा ट्रे टपालाचा. जावक पाहणाऱ्यांनी विषय पाहिला, संदर्भ पाहिला, सही पाहिली, क्रमांक घातला आणि नांदेडला लावून दिला. त्यांना काय म्हणणार? कागद शंभर टक्के नियमानुसार होता. चेष्टा कधी सही करून, संदर्भ क्रमांक घालून कुणी करतं का? आम्हीच करतो.

चार दिवसांनी बाई नेहमीप्रमाणे तारखा उतरवायला जावक नोंदवही घेऊन बसल्या आणि मग उठून माझ्या टेबलाशी आल्या.

"सर, भाग दोनचा अहवाल भाग एकमधून गेलाय."

मला आधी कळलंच नाही. कळलं तेव्हा पाचावर धारण बसली. मित्रांनी चहाचा कप खाली ठेवला आणि हळूच म्हणाले, "शेवटी पतंग उडाला म्हणायचा." एरवी या वाक्यावर मी टाळी दिली असती. तेव्हा माझ्या डोळ्यांसमोर फक्त ते मातकट पाकीट होतं. तिकडच्या माणसाला राग आला असेल तर प्रस्ताव आता खरोखरच मेला, आणि त्याच्याबरोबर मावशींचा मूगही. नोटीस आली असती तर मी उत्तर दिलं असतं, त्यात माझा हात बसलेला आहे. मावशींना काय उत्तर देणार होतो?

नोटीस आली नाही. फोन आला. नांदेडच्या कार्यालयाचे अधीक्षक बोलत होते. आवाज शांत, किंचित घोगरा.

"साहेब, अहवाल मिळाला. येकदा समक्ष येऊन जा. अन् ती नोंदवही बी संगं आना."

"कुठली नोंदवही?"

"जिच्यावरून अहवाल केला ती. मूळ कागद बगितल्याबिगर मी टिपनी लिवत न्हाई."

दुसऱ्या दिवशी सकाळच्या एसटीनं निघालो. नोंदवही पिशवीत, पिशवी मांडीवर. अहमदपूर गेलं, लोहा गेलं, आणि मी मनातल्या मनात माफीचे चार मसुदे करून खोडले. चौथ्यात मी संतापून परत अधीक्षकांनाच दोष द्यायला लागलो होतो. स्वभावाला औषध नाही.

अधीक्षक निवृत्तीला आलेले गृहस्थ होते. पांढरी आखूड दाढी, इस्त्रीचा शर्ट, टेबलावर एकही कागद तिरका नाही. या आधी एका बैठकीत त्यांना ओझरतं पाहिलं होतं, एवढंच. घराणं नांदेडच्या जुन्या वस्तीतलं, आजोबा-वडील जिल्दसाज, म्हणजे वह्या-पुस्तकं बांधायचा पिढीजात धंदा, हे त्यांनीच नंतर सांगितलं. मी मसुदा क्रमांक दोन सुरू करणार तेवढ्यात त्यांनी हात वर केला.

"बसा साहेब. उन्हाचं आलात. आदी पानी घ्या, मग भांडू."

मी पाणी प्यायलो. त्यांनी नोंदवही हातात घेतली, पण उघडली नाही. आधी तिची पाठ बघितली, शिवण बोटानं चाचपली. "जिल्द कच्ची हाय," ते म्हणाले. "पानं निसटतीन." मग उघडली. ट्यूबलाइट वाचली. वॉशर वाचला. ओठ हलायला लागले. जीवनचक्राच्या पानावर आले आणि तो माणूस हसू लागला. आवाज न करता, खांदे हलवत, चष्मा काढून डोळे पुसत. "टाचण्या खाऊन," ते म्हणाले, आणि पुन्हा हसले. मला इतकं हायसं वाटलं की मीही हसायला लागलो. बत्तीस वर्षं त्या टेबलामागे काढलेल्या माणसाइतका आमचा विनोद कुणालाच कळला नसणार, हे तेव्हा माझ्या ध्यानात आलं. तोवर आम्ही तो फक्त एकमेकांना सांगत होतो.

मग त्यांनी पान उलटलं आणि थांबले.

त्या पानावर आम्ही एक स्मरणपत्र चिकटवलं होतं. नांदेडहून दर तीन-चार महिन्यांनी अशी स्मरणपत्रं येत, सगळ्यांची भाषा एकच, त्यामुळे 'उपरोक्त विषयान्वये' याच्या पुढं मी ती वाचत नसे. मित्रांनी त्याच्या कोपऱ्यात एक गुबगुबीत मावा काढला होता आणि खाली लिहिलं होतं: 'हंगामी कीड. दर तिमाहीस येते. उपद्रव किरकोळ.'

"चित्र झकास हाय," अधीक्षक म्हणाले. "पन साहेब, वरचं वाचलं होतं का?"

त्यांनी नोंदवही माझ्याकडे फिरवली. मी वाचलं. आमचा प्रस्ताव मागच्या वर्षी, बैठकीच्या दिवशी, मला समक्ष हातात परत देण्यात आला होता. त्याला थंड खोलीच्या एका महिन्याच्या तापमानाच्या नोंदी जोडायच्या होत्या आणि तो उलट टपाली पाठवायचा होता. बस्स, एवढंच.

आणि मला सगळं आठवलं. ती बैठक आठवली. फाइल पिशवीत घालून मी एसटीत बसलो होतो तेही आठवलं. हातोहात आणल्यामुळे ती आमच्या आवक नोंदवहीत कधी चढलीच नव्हती, म्हणून बाईंच्या हिशेबी ती नांदेडलाच होती. मी मात्र ती टेबलाच्या सगळ्यात खालच्या खणात ठेवली होती, स्वतःच्या हातानं. कारण त्यांना एका महिन्याच्या नोंदी हव्या होत्या आणि मला ते पटलं नव्हतं. एका महिन्यावरून सरासरी कशी काढणार? उन्हाळ्याचा महिना घेतला तर एक चित्र, हिवाळ्याचा घेतला तर दुसरं. निदान बारा महिने तरी हवेत, असं मी ठरवलं होतं. कुणी विचारलं नव्हतं. रोज सकाळी मी नेमानं तापमान लिहीत होतो, आणि ते कशासाठी लिहितोय हे मधल्या पेरणीच्या हंगामात साफ विसरून गेलो होतो. फाइल पाठवली असंच डोक्यात बसलं होतं.

अधीक्षकांनी त्यांच्याकडची स्थळप्रत, म्हणजे कार्यालयात ठेवलेली नक्कल, पुढं ठेवली. आमचा प्रस्ताव त्यांच्या टेबलावर चार दिवस होता. माझ्या खणात वर्षाच्या वर.

"सरकारी काम, सहा महिने थांब, असं लोक आमाला म्हनतेत," ते म्हणाले. आवाजात टोचणी नव्हती, तेच जास्त टोचलं. "तुमी तर साल लावलं."

आपलं ठेवावं झाकून अन् दुसऱ्याचं बघावं वाकून, ही म्हण मी किती वेळा किती लोकांना ऐकवली असेल! मला लाज वाटली, अगदी शाळेतल्यासारखी, आणि मग मावशींचं पाकीट आठवून त्या लाजेला भीती येऊन मिळाली. मी अधीक्षकांना सगळं सांगितलं. मावशी, भुंगा, मृग, बंद पडलेलं यंत्र. माफीच्या चारही मसुद्यांत यातलं काही नव्हतं.

त्यांनी ऐकून घेतलं. मग विचारलं, "ह्या अहवालात मला कठीण बी म्हनलंय न्हवं?"

"तुम्हाला नाही. फाइलला."

"येकच की. मला सांगा, कठीण बी म्हंजे मेलेलं का?"

"नाही. आत जीव असतो. कवच पाणी आत घेत नाही, एवढंच."

"मग उगवतंय कसं?"

"काचपेपरवर घासायचं. कवच जरा झिजलं की पाणी शिरतं."

"म्हंजे जवळ जाऊन हात लावावा लागतोय," ते म्हणाले. "फोन तरी करायचा साहेब. वरीसभर मी बी हितंच होतो."

तिथूनच मी बाईंना फोन केला आणि खालचा खण उघडायला सांगितलं. पलीकडून खण ओढल्याचा आवाज आला आणि मग कागद चाळल्याचा.

"सर, सापडली," बाई म्हणाल्या. "नोंदवहीत काय लिहू?"

तापमानाच्या पानांचे फोटो मोबाईलवर आले. बारा महिन्यांच्या वर. अधीक्षकांनी त्यातला एक महिना छापून घेतला, माझी सही घेतली आणि स्वतः उठले. तीन टेबलं त्यांनी माझ्याबरोबर पालथी घातली. प्रत्येक ठिकाणी 'हे लातूरचे साहेब, ह्यांचं बी मरून राहिलंय' एवढंच म्हणायचे. चार वाजेपर्यंत टिपणी वर गेली होती. निघताना त्यांनी नोंदवही मात्र ठेवून घेतली.

यंत्र मे महिन्याच्या तिसऱ्या आठवड्यात बसलं. खोली गार झाली तसं आम्ही एकेक डबा काढून तपासायला घेतला. सगळं गोड झालं असं सांगता येत नाही. फ्रिजमधली पाकिटं बचावली, बाहेरची बरीच खालावली, आणि दोन डबे साफ गेले, एक तीळ आणि एक भुईमूग. ते कुणाच्या खणामुळे गेले हे मला माहीत आहे. त्यावर मी विनोद केलेला नाही.

मावशींचा मूग मी मुद्दाम शेवटी ठेवला. शंभर-शंभरच्या चार गुंडाळ्या. पाचव्या दिवशी पहिली मोजणी. बाईंनी गुंडाळी उलगडली आणि मी मान दुसरीकडे वळवली.

"एकही नाही," त्या म्हणाल्या.

बाई चिमट्यानं एकेक दाणा दाबून बघत होत्या. कुजलेला दाणा दबतो, आतून पिठूळ पाणी येतं. इथं चिमटा नुसता घसरत होता.

"सर," बाई म्हणाल्या, "हे मेलेले नाहीत. कठीण आहेत."

मी काचपेपर आणायला धावलो. या वयात मी धावत नाही. त्याच पाकिटातले नवे शंभर दाणे आम्ही दोन काचपेपरांच्या मध्ये धरून हलके घासले आणि गुंडाळीत घातले. दुसऱ्या दिवशी सकाळी दाणे टम्म फुगलेले होते. आठव्या दिवशी शंभरात त्र्याण्णव रोपं उभी होती. ज्या कवचानं पाणी आत घेतलं नाही, त्यानं त्या खोलीतली दमट गरमीही आत येऊ दिली नव्हती. भुईमूग मऊ होता, तो गेला. हा हट्टी होता, म्हणून राहिला. मित्र आले, त्यांनी रोपं पाहिली आणि स्वतः पुन्हा एकदा मोजली. बाईंनी चष्मा पुसला. मी अधीक्षकांना फोन केला.

"त्र्यान्नव," त्यांनी आकडा एकदा घोळवला. "दुरुस्ती करा मग नोंदवहीत."

"नोंदवही तुमच्याकडंच आहे."

"हाव, लावून दिलीय."

ती आली. चांगली कापडी पाठ, पक्की शिवण, कोपऱ्यांना चामडं, सरकारी नोंदवहीला कधी मिळत नाही असा थाट. आत त्यांनी कुठंही काही लिहिलं नव्हतं, फक्त कुंपणाच्या तारेच्या ओळीत आमच्या 'कठीण'समोर लाल शाईनं 'मंजूर' असं होतं. तार पुढच्याच आठवड्यात आली.

मावशींना फोन लावला तेव्हा त्यांनी हॅलो म्हणायच्या आधीच विचारलं, "बी जित्तं हाय न्हवं?"

"आहे मावशी. बघून सांगतोय." हे म्हणताना मला जे वाटलं ते पगारवाढीलाही वाटलं नव्हतं. मग मी शास्त्रज्ञाच्या सुरात समजावायला लागलो, की याचं कवच फार कठीण आहे, पेरण्याआधी ते जरा घासून घ्यावं लागेल, आमच्या प्रयोगशाळेत असं लक्षात आलंय की...

"हाव," मावशी म्हणाल्या. "वाळूत चोळून घ्यावं लागतंय त्याला. आमी तसंच पेरतो. म्या सांगितलं न्हवतं का तवा? तुमी म्हनले, कागदात त्याला जागा न्हाई."

मी फोन ठेवला आणि त्या दिवशीचं प्रपत्र शोधून काढलं. वाणाचं नाव होतं, दाण्याचा रंग होता, गाव, शिवार, जमिनीचा प्रकार, कालावधी, सगळं माझ्या नेटक्या अक्षरात. मूग पाखडत त्या एकामागून एक काहीबाही सांगत होत्या, त्यातलं एक अक्षरही नव्हतं. शेऱ्याच्या रकान्यात मी एक आडवी रेघ ओढली होती.

पेरणीच्या आधी मी स्वतः हिमायतनगरला पाकीट घेऊन गेलो. मावशींनी मूग सुपात ओतून घेतला, मूठभर उचलून नाकाशी नेला आणि समाधानानं मान हलवली. वाळूची पाटी ओट्यावर तयारच होती. सुपातला निम्मा मूग त्यांनी तीत ओतला आणि दोन्ही तळव्यांनी चोळायला बसल्या. मी शेजारी बसून बघत होतो. काचपेपरपेक्षा ते हात हलके होते. उरलेला निम्मा मूग त्यांनी परत पाकिटात भरला आणि माझ्यापुढं धरला.

"हे ठेवायला देते, पेरायला मागीन," त्या म्हणाल्या. "अन् ह्या बारीला लिवून घ्या."

मी प्रपत्र काढलं. नवं कोरं होतं, पण रकाने तेच, शेऱ्याचा तर जेमतेम बोटभर. तेव्हा समासात, आडवं धरून लिहिलं: 'पेरण्याआधी वाळूत चोळावे.' मावशींनी ते मला मोठ्यानं वाचून दाखवायला लावलं.